जुनं चित्रण सापडतं कसं आणि टिकतं कसं

जुलै १९६९ मधल्या अपोलो ११ मोहिमेची दोन चित्रणं घेऊ. चंद्रावरून आलेला टीव्ही सिग्नल जमिनीवरच्या केंद्रांत ज्या टेप्सवर थेट नोंदला गेला, त्यांवरचं चित्र लोकांनी घरी पाहिलेल्या चित्रापेक्षा बरंच स्वच्छ होतं. या टेप्स पुढे नासाला सापडेनात. बराच शोध घेतल्यावर २००९ मध्ये नासानं सांगितलं, की त्या बहुधा पुसून पुन्हा वापरल्या गेल्या असाव्यात. याच मोहिमेचं ६५ मिलिमीटर फिल्मवरचं चित्रण मात्र अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागारात नीट ठेवलेलं होतं, फक्त ते तिथं आहे याची फारशी कुणाला कल्पना नव्हती. २०१९ च्या 'अपोलो ११' या माहितीपटासाठी विचारणा झाली, तेव्हा ती रिळं बाहेर आली.

एक चित्रण टिकलं नाही, दुसरं टिकूनही दिसत नव्हतं. प्रेक्षकाच्या दृष्टीनं पन्नास वर्षं दोन्ही सारखीच हरवलेली होती. चित्रण शोधणं हे माहितीपटवाल्यांचं काम आणि जपणं हे अर्काइव्हचं, म्हणजे अभिलेखागाराचं, अशी वाटणी या क्षेत्रात सर्रास केली जाते. मला ती पटत नाही. ज्या रिळाची नीट नोंद आहे तेच सापडतं, जे सापडतं त्यालाच मागणी येते, आणि ज्याला मागणी आहे त्याच्याच जतनासाठी पैसे मंजूर होतात. कुठल्याही एका टप्प्यावर हयगय झाली तरी फटका सगळ्यांना बसतो.

जुनं चित्रण म्हणजे फक्त बातमीपट नव्हेत. टीव्हीच्या बातम्यांच्या टेप्स, सरकारी प्रचारपट, कारखान्यांतले प्रशिक्षणपट, जाहिराती, कधीच न वापरलेले रशेस (चित्रीकरणातला कच्चा, न कापलेला माल), कुणाच्या घरचं लग्नाचं आठ मिलिमीटर रीळ, हे सगळं त्यात येतं. केनेडींच्या हत्येचं सगळ्यात जास्त तपासलं गेलेलं चित्रण एका सामान्य नागरिकाच्या घरगुती कॅमेऱ्यातलं आहे आणि ते जेमतेम २६ सेकंदांचं आहे. चलच्चित्रं ही इतिहासाची साधनं आहेत, ती सांभाळायला संस्था हवी, असं बोलेस्वाव मातुशेव्स्की या पोलिश छायाचित्रकारानं १८९८ मध्येच लिहून ठेवलं होतं. सिनेमा तेव्हा तीन वर्षांचाही नव्हता. १९२७ मध्ये एस्फिर शुब या रशियन संकलक बाईंनी झारच्या खासगी चित्रणातून आणि जुन्या बातमीपटांतून एक अख्खा माहितीपट उभा केला. त्यासाठीची काही रिळं त्यांना लेनिनग्राडच्या दमट तळघरांत मिळाली होती. झारची हौस म्हणून टिपलेली दृश्यं त्यांनी झारशाहीविरुद्धचा पुरावा म्हणून वापरली. जुन्या चित्रणाचा अर्थ ते कशाशेजारी लावलं आहे यावर ठरतो, हे तेव्हापासून सगळ्यांना माहीत आहे.

शोध कुठून सुरू करायचा

बहुतेक जण थेट एखाद्या अर्काइव्हच्या संकेतस्थळावर जाऊन शब्द टाइप करतात आणि काही मिळालं नाही की 'फुटेजच नाही' असं ठरवून टाकतात. त्याआधी कागदावर एक प्रश्न सोडवायला हवा: त्या दिवशी, त्या ठिकाणी कॅमेरा कुणाकडे असू शकला असता? १६ मिलिमीटर फिल्म १९२३ मध्ये आली, सुपर आठ १९६५ मध्ये. त्यामुळे १९१५ सालचं घरगुती चित्रण शोधण्यात फारसा अर्थ नाही, १९७० सालचं मात्र जरूर शोधावं. लष्कर तिथं होतं का? परदेशी वार्ताहर होते का? एखादी कंपनी आपल्या प्रकल्पाचा प्रचारपट करत होती का? या प्रश्नांची उत्तरं मिळाली की कुठल्या देशातल्या कुठल्या दारावर थाप मारायची ते कळतं. वसाहतींच्या काळातलं चित्रण तर अनेकदा जिथं घडलं तिथं नसतंच, ते राज्यकर्त्यांच्या राजधानीत असतं.

मग शब्द. नोंदी त्या काळच्या भाषेत केलेल्या असतात. १९१६ मध्ये कुणी 'पहिलं महायुद्ध' म्हणत नव्हतं, कारण दुसरं व्हायचं होतं. शहरांची जुनी नावं, आज आक्षेपार्ह वाटणारे समाजांचे उल्लेख, स्पेलिंगच्या चुका हे सगळं शोधपट्टीत टाकून पाहावं लागतं. 'श्रीलंका' टाकून १९३० चं काही मिळालं नाही तर 'सिलोन' टाकावं, हे सांगितल्यावर सोपं वाटतं, पण ऐन वेळी सुचत नाही.

यापेक्षा मोठी अडचण अशी, की नोंद करणाऱ्यानं त्याच्या काळात जे महत्त्वाचं वाटलं तेवढंच लिहिलेलं असतं. 'गव्हर्नरांच्या हस्ते पुलाचं उद्घाटन' अशी नोंद असते. आपल्याला हवे असतात पुलावर राबणारे मजूर, आणि ते त्याच शॉटमध्ये गव्हर्नरांच्या मागे चार सेकंद दिसतात. त्यांचा उल्लेख कुठंही नसतो. सामान्य माणसांचं, बायकांचं, कामाचं, गर्दीचं चित्रण बहुतेक वेळा असं दुसऱ्याच्या समारंभाच्या पार्श्वभूमीत लपलेलं असतं. त्याला नोंदी चाळण्याचा उपयोग नाही, बसून पाहावंच लागतं. म्हणूनच संग्रह सांभाळणाऱ्या माणसाशी बोलणं हा या कामातला सगळ्यात खात्रीचा मार्ग आहे. संगणकाला 'गर्दी' कळत नाही, पण तीस वर्षं त्या कपाटांत वावरलेल्या माणसाला आठवतं की अमक्या रिळाच्या शेवटी बाजाराचं एक सुंदर दृश्य आहे. फक्त त्याला 'साठच्या दशकातलं काहीही चालेल' असा निरोप धाडू नये. तारीख, जागा, प्रसंग आणि कशासाठी हवं आहे, एवढं तरी लिहावं.

ऑनलाइन साठा आता प्रचंड आहे. ब्रिटिश पाथे या जुन्या बातमीपट कंपनीच्या संग्रहानं २०१४ मध्ये आपले ८५,००० बातमीपट यूट्यूबवर टाकले. पुढच्याच वर्षी असोसिएटेड प्रेस ही वृत्तसंस्था आणि मूव्हीटोन हा बातमीपटांचा संग्रह यांनी साडेपाच लाखांहून अधिक क्लिप्स टाकल्या. रिक प्रेलिंगर यांनी जमवलेले शैक्षणिक आणि औद्योगिक लघुपट इंटरनेट अर्काइव्ह या मोफत संकेतस्थळावर आहेत. तरी स्कॅन झालेला साठा एकूण साठ्याचा छोटासा भागच असतो. आणि यूट्यूबवर सापडलेली क्लिप हा फक्त माग असतो. कोपऱ्यातलं चिन्ह, निवेदकाचा आवाज, सुरुवातीची पाटी यांवरून मूळ मालकापर्यंत पोचायचं असतं. चौथ्या हातानं चढवलेली धूसर प्रत मोठ्या पडद्यावर चालत नाही, आणि ती वापरायची परवानगी देण्याचा अधिकारही चढवणाऱ्याला नसतो.

काही वेळा चित्रणाचं अस्तित्व माहीत असतं, पण ते घ्यायलाच कुणी तयार नसतं. न्यूयॉर्कमधल्या १९६९ च्या हार्लेम सांस्कृतिक महोत्सवाचं चित्रण हॅल टल्चिन यांनी केलं होतं. त्या टेप्स सुमारे पन्नास वर्षं तळघरात पडून होत्या. २०२१ मध्ये त्यांवरून झालेल्या 'समर ऑफ सोल' या माहितीपटाला पुढच्या वर्षी ऑस्कर मिळालं.

डबा उघडल्यावर

डब्यावरच्या पाटीवर विश्वास ठेवू नये. डबे पुन्हा पुन्हा वापरले जातात, पाट्या तशाच राहतात. खरी माहिती फिल्मच्या कडेला असते. पांढरे सुती हातमोजे घालून फिल्म दिव्याच्या टेबलावर धरली आणि भिंगातून छिद्रांच्या बाजूची पट्टी पाहिली, की तिथं 'सेफ्टी' (सहज न पेटणारी फिल्म) किंवा 'नायट्रेट' (जुनी, ज्वालाग्राही फिल्म) असं लिहिलेलं आढळतं. कोडॅकच्या फिल्मवर बारीक चिन्हंही असतात. वर्तुळ म्हणजे १९१६, १९३६, १९५६ किंवा १९७६, चौकोन म्हणजे त्याच्या पुढचं वर्ष, त्रिकोण म्हणजे त्याच्याही पुढचं. चिन्हं दर वीस वर्षांनी परत येतात, त्यामुळे नेमका काळ ठरवायला दृश्यातले कपडे, गाड्या, पाट्या पाहाव्या लागतात. शिवाय हे साल फिल्म कारखान्यात बनल्याचं आहे, चित्रीकरणाचं नव्हे. प्रत काढताना मूळ फिल्मच्या कडेची चिन्हंही छापली जाऊ शकतात, मग एकाच पट्टीवर दोन पिढ्यांच्या खुणा दिसतात. ज्याला त्या वाचता येतात त्याला आपल्या हातात मूळ आहे की नक्कल, हे मिनिटभरात समजतं.

नंतरचा प्रश्न जास्त बोचरा आहे: हे खरं आहे का? १९१६ च्या 'बॅटल ऑफ द सोम' या ब्रिटिश चित्रपटात सैनिक खंदकातून उठून धावतात आणि दोघे तिथंच कोसळतात, हे दृश्य असंख्य माहितीपटांत दिसतं. ते मुद्दाम घडवून टिपलेलं होतं. त्याच चित्रपटातलं बाकीचं बरंचसं चित्रण अस्सल आहे, म्हणूनच फसायला होतं. १९१७ च्या रशियन क्रांतीतल्या हिवाळी राजवाड्यावरील हल्ल्याचं म्हणून जे सर्रास दाखवतात, ते दृश्य अनेकदा आयझेनस्टाइन या रशियन दिग्दर्शकाच्या दहा वर्षांनंतरच्या कथापटातलं असतं. चांगला संशोधक प्रत्येक शॉटला विचारतो: कॅमेरा इथं कसा पोचला? खंदकाबाहेर, शत्रूकडे पाठ करून, गोळीबार चालू असताना कॅमेरामन तिपाई लावून उभा होता का?

वेगाचंही तसंच. मूकपटांच्या काळातलं चित्रण बहुधा सेकंदाला १६-१८ चौकटींच्या आसपास झालेलं असतं. ते २४ च्या वेगानं चालवलं की माणसं तुरुतुरु पळताना दिसतात आणि लोकांना वाटतं जुन्या काळी सगळे तसेच चालायचे. २०१८ मध्ये दिग्दर्शक पीटर जॅक्सन यांनी ब्रिटनच्या इम्पीरियल वॉर म्युझियममधलं पहिल्या महायुद्धाचं चित्रण वेग सुधारून, रंग भरून सादर केलं तेव्हा सैनिक एकदम माणसांसारखे वाटले. रंग भरण्याला माझा सरसकट विरोध नाही, पण मूळ कृष्णधवल चित्रण अबाधित असायला हवं आणि प्रेक्षकाला सांगितलेलं असायला हवं. आता एआयनं न घडलेलं 'जुनं चित्रण'ही बनवता येतं. त्यासाठी आर्काइव्हल प्रोड्यूसर्स अलायन्स या अमेरिकेतल्या संघटनेनं २०२४ मध्ये मार्गदर्शक तत्त्वं काढली आहेत. त्यांचा गाभा पारदर्शकता हाच आहे: कृत्रिम काय ते प्रेक्षकाला कळलं पाहिजे.

हक्क

रीळ ज्याच्या ताब्यात, हक्क त्याचेच असतील असं नाही. अर्काइव्ह फक्त राखणदार असू शकतं. त्यात पार्श्वसंगीताचे हक्क वेगळे, खेळाच्या सामन्याचे वेगळे, दिसणाऱ्या नटाचे वेगळे. संरक्षणाची मुदतही देशागणिक बदलते. भारतात चित्रपटाला प्रकाशनानंतर ६० वर्षं, तर अमेरिकेत जुन्या प्रकाशित चित्रपटांना ९५ वर्षांपर्यंत. अमेरिकेच्या केंद्र सरकारनं स्वतः केलेल्या चित्रणावर तिथं कॉपीराइट नसतो, म्हणून नासाचं चित्रण जिथंतिथं दिसतं. ज्याचा मालकच सापडत नाही अशा चित्रणाला 'अनाथ' म्हणतात, आणि त्याच्या बाबतीत आपण शोध कसा घेतला याचा कागदोपत्री पुरावा ठेवणं हाच शहाणपणा.

परवाना घेताना सेकंदाचा दर विचारून भागत नाही. कुठल्या देशांत, कुठल्या माध्यमांत, किती वर्षांसाठी, हे तिन्ही करारात असतं. यातलं 'किती वर्षांसाठी' सगळ्यात घातक. अमेरिकेतल्या नागरी हक्क चळवळीवरची 'आईज ऑन द प्राइझ' ही १९८७ ची गाजलेली मालिका जुन्या चित्रणाचे आणि संगीताचे मुदतबंद परवाने संपल्यामुळे वर्षानुवर्षं दाखवताच येत नव्हती. देणग्या गोळा करून हक्क पुन्हा घेतले, तेव्हा कुठं २००६ मध्ये ती परत टीव्हीवर आली. फिल्म शाबूत होती, पण करार संपले होते. पैसे कमी असतील तर शॉट कमी घ्यावेत, मुदत कमी घेऊ नये.

संकलनाच्या वेळी अर्काइव्हकडून आधी वॉटरमार्क (चित्रावर उमटवलेली मालकीची खूण) असलेली हलकी प्रत मिळते आणि संकलन पक्कं झाल्यावर चांगली प्रत मागवली जाते. या दोघींना जोडणारा दुवा म्हणजे नोंदवही. तिच्यात एक ओळ साधारण अशी हवी: अर्काइव्हचं नाव, क्लिप क्रमांक, मूळ फाइलचं नाव, ००:०४:१२ ते ००:०४:१९, आपल्या माहितीपटात कुठल्या मिनिटाला, हक्क कुणाचे, परवाना झाला की नाही. फाइलला 'जुना_बाजार_फायनल_२' असं घरचं नाव दिलं की हा दुवा तुटला. मग सहा महिन्यांनी तो सात सेकंदांचा शॉट कुठून आला हे सांगायला कुणीच उरत नाही.

नासतं कसं

१९५० च्या आसपासपर्यंत ३५ मिलिमीटर फिल्म नायट्रेटची असायची. नायट्रेट पेटलं की त्यातूनच ऑक्सिजन निघतो, त्यामुळे ते पाण्याखालीही जळतं. जुनं, कुजायला लागलेलं नायट्रेट तर कडक उन्हाळ्याच्या तापमानाला आपोआप पेटू शकतं. १९७८ साल या बाबतीत विलक्षण होतं. मे महिन्यात अमेरिकेत जॉर्ज ईस्टमन हाउस या संग्रहालयाच्या कोठारात आग लागली. डिसेंबरमध्ये राष्ट्रीय अभिलेखागाराच्या सूटलंड इथल्या कोठारात युनिव्हर्सल बातमीपटांची १ कोटी २६ लाख फूट फिल्म जळाली. आवाजी फिल्मच्या वेगानं ती पाहायला २,३०० तासांहून अधिक वेळ लागला असता. आणि त्याच वर्षी कॅनडातल्या डॉसन सिटीत बांधकाम चालू असताना जमिनीखाली, बुजवलेल्या पोहण्याच्या तलावात, १९१० आणि १९२० च्या दशकांतली ५०० हून अधिक नायट्रेट रिळं निघाली. ती कुणी जपली नव्हती, टाकून दिली होती. गोठलेल्या जमिनीनं त्यांतली बरीचशी वाचवली.

थंडी, कोरडेपणा आणि अंधार, एवढंच फिल्मला हवं असतं. नायट्रेटनंतर आलेली ॲसिटेट फिल्म 'सुरक्षित' म्हणून विकली गेली, कारण ती भडकत नाही. पण उष्णतेत आणि दमटपणात ती आतून कुजते आणि ॲसेटिक आम्ल, म्हणजे व्हिनेगरमधलं आम्ल, बाहेर पडतं. डबा उघडताच नाकात जाणारा तो आंबट दर्प एकदा घेतला की विसरता येत नाही. हे आम्लच पुढची कूज वेगानं वाढवतं, म्हणून वास येणारं रीळ आधी बाकीच्यांपासून वेगळं करायचं. या रोगाची पहिली तक्रार गेली होती ती भारत सरकारच्या, गरम दमट हवेत ठेवलेल्या फिल्म्सबद्दल. आम्लाचं प्रमाण मोजायला रंग बदलणाऱ्या कागदी पट्ट्या मिळतात. त्या डब्यात ठेवल्या की कुठलं रीळ आधी स्कॅन करायचं ते ठरवता येतं. फिल्म आक्रसलेली असेल तर छिद्रांत दाते अडकवून फिल्म ओढणाऱ्या प्रोजेक्टरवर ती चढवणं म्हणजे तिची चाळण करणं. तिला दात्यांविना चालणारा स्कॅनर लागतो. आणि शीतगृहातून काढलेला डबा लगेच उघडायचा नाही. बंद पिशवीत तो खोलीच्या तापमानाला येऊ द्यायचा, नाहीतर फिल्मवर दव धरतं.

टेपचं दुखणं याहून वाईट, असं माझं मत आहे. फिल्म निदान डोळ्यांना दिसते. टेपला यंत्र लागतं, आणि यंत्रं संपत चालली आहेत. व्हीएचएस यंत्रं बनवणारी शेवटची मोठी कंपनी, जपानची फुनाई, हिनं २०१६ मध्ये उत्पादन बंद केलं. यू-मॅटिक, बीटाकॅम या जुन्या व्हिडिओ टेप्सच्या यंत्रांचे हेड्स (टेप वाचणारे भाग) आणि ते बसवता येणारे तंत्रज्ञ, दोन्ही दुर्मीळ होत चाललेत. '२०२५ पर्यंत जे डिजिटल झालं नाही ते बहुधा गेलं', असा इशारा ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय फिल्म आणि ध्वनी संग्रहालयानं दिला होता. ते साल उलटून गेलं म्हणून टेप्स एका रात्रीत मेल्या नाहीत, पण ज्यांच्याकडे त्या अजून कपाटात आहेत त्यांनी टाळाटाळ थांबवावी. काही टेप्सवरचा चिकट थर ओलावा शोषून सुटतो आणि हेडला चिकटतो. अशी टेप ५० अंशांच्या आसपास काही तास 'भाजली' तर तात्पुरती चालते, तेवढ्यात ती उतरवून घ्यायची. हे घरी करून पाहू नये. सगळ्या टेप्सना हा उपाय लागू नाही, ॲसिटेटवरच्या जुन्या ध्वनिफितींची तर त्यानं वाट लागते.

आणि डिजिटल? फिल्म कोरड्या थंड खोलीत विसरून गेलं तरी पन्नास वर्षांनी बऱ्यापैकी हाती लागू शकते. हार्ड डिस्क विसरून चालत नाही. अमेरिकन चित्रपट अकादमीच्या २००७ च्या पाहणीत ४के (उच्च दर्जाची) डिजिटल मास्टर, म्हणजे मूळ प्रत, सांभाळण्याचा वार्षिक खर्च फिल्मवरच्या मास्टरच्या साधारण अकरा-बारा पट निघाला होता. साठवणूक तेव्हापासून स्वस्त झाली आहे, तरी दर काही वर्षांनी नव्या माध्यमावर हलवण्याची कटकट संपलेली नाही. एलटीओ या, संगणकावरची माहिती साठवायच्या टेपची आठव्या पिढीची यंत्रं सहाव्या पिढीच्या टेप्स वाचत नाहीत. म्हणून तीन प्रती, दोन प्रकारच्या माध्यमांवर, त्यांतली एक दुसऱ्या ठिकाणी, हा नियम पाळतात. प्रत्येक फाइलचा चेकसम (फाइलमधल्या माहितीवरून काढलेला ओळख-आकडा) काढून ठेवतात आणि ठरावीक काळानं पुन्हा ताडून पाहतात. आकडा बदलला म्हणजे फाइल बिघडली, दुसऱ्या प्रतीवरून दुरुस्त करायची. जतनासाठी एफएफव्ही१ सारखा, चित्रातलं काहीही न गमावणारा आणि खुला व्हिडिओ फॉरमॅट चांगला, कारण त्याची रचना कुठल्या एका कंपनीच्या कुलपात नाही.

आपल्या माहितीपटाचे उरलेले रशेस हेही उद्याचं जुनं चित्रणच. साठ तासांच्या मुलाखतींतला एक तास पडद्यावर जातो, बाकीचे एकोणसाठ डिस्कवर पडून राहतात. ते घ्यायला काही संस्था तयार असतात, पण त्यांना नोंदवही, तारखा, ठिकाणं, नावं लागतात आणि मुलाखत देणाऱ्याची लेखी संमती लागते. इथं बहुतेकांचं घोडं अडतं, कारण संमतिपत्रात फक्त 'या माहितीपटासाठी' असं छापलेलं असतं. 'आणि संशोधनासाठी अर्काइव्हमध्ये ठेवण्यासाठी' ही पुरवणी त्याच ओळीत घालून, समोरच्याला तिचा अर्थ समजावून, चित्रीकरणाच्या दिवशीच सही घ्यावी.